कॉकशटच्या आत

रामटेके सर वाक्य अर्धवट सोडून उठत. मुख्याध्यापक सभेत बोलत असोत, तालुक्याहून आलेले अधिकारी चहा पीत असोत, नाहीतर वर्गातला एखादा मुलगा वर्षभराच्या झटापटीनंतर पहिल्यांदाच इंग्रजी क्रियापद बरोबर वापरण्याच्या बेतात असो; खिडकीतला उजेड एका विशिष्ट रंगाचा झाला की सर पिशवी खांद्याला अडकवत, "कॉकशट" एवढेच म्हणत आणि चालू लागत. मी शाळेत नवीन शिक्षक होतो तेव्हा मला ती शिवी वाटली होती. मुख्याध्यापकांकडे बघून म्हटल्यावर तसे वाटायला जागाही होती.

आमची शाळा धानोलीत, चंद्रपूर आणि गडचिरोली जिल्हे जिथे एकमेकांना जंगल देऊन मोकळे होतात त्या पट्ट्यात. मी शाळेच्याच गावात खोली घेऊन राहत असे. सर राहायचे चिचटोल्यात. मधे जंगल. साग, बांबू, एक नाला आणि त्यातून वळणे घेत जाणारी पायवाट. चिचटोल्याची मुले त्याच वाटेने शाळेत येत आणि सरांबरोबर परत जात. शाळेची खिचडी शिजवणाऱ्या शेवंताबाईही चिचटोल्याच्याच.

शिवीचा अर्थ विचारायला मी धीर करून गेलो, तर सरांनी मला ग्रंथालयात नेले. ग्रंथालय म्हणजे एक कपाट आणि त्यात एक अवाढव्य इंग्रजी शब्दकोश, कुणा निवृत्त जंगल अधिकाऱ्याच्या घरून दान आलेला. त्यात जे शब्द आता कुणी वापरत नाही त्यांच्या आधी एक लहानसा खंजीर छापलेला असे. सर वर्गात अशा शब्दांना 'खंजीरवाले शब्द' म्हणत. त्यांना याच शब्दांचा नाद होता. चालू इंग्रजी ते नोकरी म्हणून शिकवत. मेलेले इंग्रजी प्रेमाने.

"कॉकशट म्हंजे संध्याकाळ," ते म्हणाले. "पन कोन्ती बी संध्याकाळ नाई."

मग त्यांनी सांगितले ते असे. विलायतेत लांब चोचीचे एक तपकिरी रानपाखरू असते. दिवसभर ते दाट झाडीत बसून राहते आणि उजेड मावळू लागला की चरायला बाहेरच्या कुरणाकडे उडत जाते. उडताना फांद्या चुकवत जाण्यापेक्षा त्याला मोकळी फट आवडते. हे तिथल्या माणसांनी हेरले. ते झाडे तोडून रानात एक सरळ पट्टा मोकळा करत आणि त्या पट्ट्यात उंच जाळे टांगून ठेवत. पाखरू त्या उजेडात त्या वाटेने येई आणि जाळ्यात पडे. त्या वेळेलाच लोक कॉकशट म्हणू लागले. पुढे जाळी गेली, बंदुका आल्या, पाखरे कमी झाली. शब्द काही दिवस नुसताच सांजवेळ या अर्थाने पुस्तकांतून फिरला आणि मग खंजीर लागून कोशात पडून राहिला.

या कोशात कॉकशटपुढचा खंजीर मात्र सरांनी निळ्या शाईने खोडून टाकला होता. शासकीय मालमत्ता विद्रूप केल्याबद्दल मुख्याध्यापकांनी त्यांच्याकडे लेखी खुलासा मागितला होता. सरांनी तोंडीच दिला. "शब्द असा मरत नाई. त्याचं काम संपते, मंग तो मरते. आपल्या इथी काम संपलं नाई."

त्यांचे हे बोलणे कोशातून आलेले नव्हते. सरांचे वडील मजुरी करत आणि शेते मोकळी झाली की तितर, ससे धरायला जाळे लावत. लहानपणी सर त्यांच्याबरोबर जात. वडील जाळे झाडीत कधी लावत नसत. शेताच्या बांधावर, धुऱ्यावरच्या काटेरी झुडपांत कोयत्याने दोन हात जागा साफ करत आणि तिथे लावत. सर सांगत, "पाखराले वाटते, वाट मोकळी आहे. कोनं मोकळी केली, हे पाखरू इचारत नाई." कोशात हा शब्द पहिल्यांदा वाचला तेव्हा विलायतेतल्या त्या माणसांना आपण ओळखतो, असे त्यांना वाटले. त्यांनी नंतर शिकार सोडली, पंचशील घेतले, विहारात दर पौर्णिमेला बसत. पण जाळ्याचे ते ज्ञान काही सुटले नाही.

त्यांचा नियम एकच होता. कॉकशटच्या आत घरी. सगळ्या चिचटोल्याने तो उचलला होता. बाया सरपणाला निघताना एकमेकींना बजावत, "कॉकशट नोको करजो वो." गुराखी कॉकशट व्हायच्या आत ढोरे आणत. विलायतेत कुणी ओळखत नाही असा शब्द तिथल्या शेंबड्या पोराला ठाऊक होता. बाहेरून आलेल्या माणसाला वाटे की हा गोंडी शब्द असावा. एका संशोधक बाईंनी तर तसे टिपूनही नेले. सरांनी त्यांची चूक सुधारली नाही. "राहू द्या. निदान जित्या भाषेत गेला," म्हणाले.

जंगलातून जाण्याची चिचटोल्याची एक पद्धत होती. पायवाट अरुंद, त्यामुळे रांग. पुढे शेवंताबाई, कारण त्यांचा आवाज मोठा. मधे मुले. सगळ्यांत मागे सर. थोडे चालले की शेवंताबाई मागे न पाहता हाक देत, "मांगं कोन?" आणि सर उत्तर देत, "आहो." पुन्हा थोड्या वेळाने हाक, पुन्हा उत्तर. कारण जंगलातला तो पट्टेवाला नेतो ते शेवटच्याला, आणि असा नेतो की पुढच्याला पाचोळाही वाजलेला कळत नाही. त्याचे नाव त्या वाटेवर कुणी घेत नसे. फार तर 'मोठा' म्हणत. सर अंधश्रद्धा मानत नव्हते, पण तेही 'मोठा'च म्हणत. मी एकदा डिवचले तर म्हणाले, "मुख्याध्यापकाले बी आपन मांगं नावानं कुठी बोलवतो?"

नाल्याच्या अलीकडे वाटेच्या कडेला वाळक्या डहाळ्यांचा एक ढीग होता. फार पूर्वी तिथे एका बाईला नेले होते. येणारा-जाणारा पाल्याची एक डहाळी तोडून त्यावर टाके. सरही टाकत. मी म्हटले, सर, तुम्ही तर देव मानत नाही. ते म्हणाले, "देव नाई हा. पाटी आहे. ज्यायले लिवता येत नोतं त्यायनं पाल्यानं लिवलं, का इथी सांभाळून. वाळली का पुसट होते, म्हून रोज नवीन लिवा लागते."

मग एका उन्हाळ्यात सरपणाला गेलेली एक बाई आली नाही. पावसाळ्यानंतर एक गुराखी आला नाही. जंगलात कॅमेरे लागले, गावात दवंडी झाली, आणि चिचटोल्याच्या लोकांनी तालुक्याला जाऊन धरणे दिले. त्यांची मागणी साधी होती. शाळा हिवाळ्यात तासभर आधी सोडा आणि मुलांसाठी गाडी द्या. तासभर आधी सोडायला नियम आडवा आला आणि गाडीला तरतूद नव्हती. पण काहीतरी द्यायचे तर होतेच. म्हणून रस्ता मिळाला.

रस्त्याची पाहणी करायला एक तरुण साहेब आले. मनाने चांगला माणूस. नकाशावर पट्टीने रेघ मारून त्यांनी दाखवले की धानोली ते चिचटोला सरळ डांबरी रस्ता होईल, दोन्ही बाजूंची झाडी लांबपर्यंत तोडली जाईल आणि सौर दिवे लागतील. वाघ दुरूनच दिसेल.

सर म्हणाले, "सायेब, त्याले बी आपन दुरून दिसू न."

साहेब हसले. सरांनी मग शांतपणे सांगून पाहिले. झाडी तोडली की कडेला कोवळे गवत येईल. गवताला चितळे येतील, ती येतात सांजेला. चितळांच्या मागे मोठा येईल. आज तो जंगलभर फिरतो, मग त्याला फिरायचे कारण उरणार नाही. रस्ता करायचाच असेल तर नाल्यापासून दूर, गावाच्या शेतांकडून वळवून न्या. लांब पडेल, पण जंगलाबाहेर पडेल. हे सांगताना त्यांनी आपला शब्दही सांगितला. पाखरू, पट्टा, जाळे, सगळे.

साहेबांना शब्द अतिशय आवडला. त्यांनी तिथल्या तिथे फोनवर शोधला. फोनमध्ये अर्थ एकाच शब्दात होता, संधिप्रकाश. जाळ्याचा उल्लेख नव्हता. साहेबांनी दोनदा तो शब्द उच्चारून पाहिला आणि सरांचा हात हातात घेऊन म्हणाले, "इतक्या आडबाजूला इतकं वाचन!" सरांनी हात सोडवून घेतला आणि खिडकीकडे पाहिले.

रस्ता नकाशातल्या रेघेप्रमाणेच झाला. नाल्याजवळ जेसीबीने डहाळ्यांचा ढीग कचरा म्हणून उचलून बाजूला ढकलला. शेवंताबाई त्या दिवशी चालकाला म्हणाल्या म्हणे, "भाऊ, तुले मालूम आहे का तू काय पुसून राह्यला?" त्याला अर्थातच मालूम नव्हते. त्याला डिझेलची काळजी होती.

पावसाळा गेला. रस्त्याच्या दोन्ही कडांना गुडघाभर हिरवे गवत आले आणि सर म्हणाले होते तशी चितळे येऊ लागली. धानोलीचे लोक संध्याकाळी ती बघायला मोटारसायकलींवरून येत, फोटो काढत. सर चिचटोल्याच्या मुलांना घेऊन अजून जुन्या पायवाटेने जात. झाडीतून, रांगेत, हाका देत. मुलांना नवा रस्ता सोडून या वाटेने जायची लाज वाटे. पालकही कुरकुरत. पण अजून रस्त्याचे उद्घाटन झालेले नव्हते, आणि उद्घाटन न झालेल्या रस्त्यावरून जायला शाळेची परवानगी नाही, असा एक नियम सरांनी स्वतःच बनवून मुख्याध्यापकांच्या तोंडी घातला होता. मुख्याध्यापकांना नियम कुठून आला याच्याशी कर्तव्य नसे. नियम असला की झाले.

उद्घाटन हिवाळ्यात ठरले. वेळ दुपारची. घरी थांबलेले दोन-चार जण सोडून सगळ्या चिचटोल्याला आणून मांडवात पुढे बसवले, कारण रस्ता त्यांच्यासाठी होता आणि खुर्च्या रिकाम्या दिसत होत्या. पाहुणे यायला उन्हे कलली. मग स्वागतगीत, मग स्वागतनृत्य, मग शाली. ज्याला शाल द्यायची राहिली तो दुखावला जातो म्हणून शाली वाढत गेल्या. कंत्राटदाराला दोनदा मिळाली. मी सरांकडे पाहत होतो. ते व्यासपीठाच्या कडेला उभे होते, कारण आभार त्यांच्याकडे होते. उजेड त्यांच्या त्या रंगाकडे सरकत होता. ते मुख्याध्यापकांपाशी जाऊन कानात काही बोलले. मुख्याध्यापकांनी पाहुण्यांकडे पाहत हसरा चेहरा ठेवून मान हलवली. थोड्या वेळाने ते पुन्हा गेले. मुख्याध्यापक म्हणाले, "सर, बरं दिसत नाही." मला ते ऐकू आले.

एरवी ते कधीच निघून गेले असते. त्या दिवशी गेले नाहीत. पुढे सगळा चिचटोला बसला होता आणि तो उठल्याशिवाय त्यांना उठता येत नव्हते.

तरुण साहेबांचे भाषण झाले. ते म्हणाले की येथील एका व्यासंगी शिक्षकांकडून आपल्याला एक दुर्मीळ, काव्यमय इंग्रजी शब्द मिळाला आणि त्यावरूनच या रस्त्याचे नाव ठेवले आहे. पडदा सरकवला. काळ्या दगडावर सोनेरी अक्षरांत लिहिले होते, 'संधिप्रकाश मार्ग'. टाळ्या झाल्या. चिचटोल्याच्या लोकांनीही वाजवल्या. ज्या शब्दाला ते रोज भीत, त्याचेच हे नाव आहे, हे त्यांच्यातल्या कुणाला कळायचे कारण नव्हते.

सरांच्या आभारप्रदर्शनाइतके छोटे आभारप्रदर्शन मी ऐकलेले नाही. ते माइकपाशी आले आणि म्हणाले, "सगळ्यांचे आभार. कॉकशट झाली. घरी चला बाप्पा."

पाहुण्यांच्या गाड्या रस्त्यावर थोड्या अंतरापर्यंत गेल्या, फीत कापली, वळल्या आणि तालुक्याकडे निघून गेल्या. गाड्या बऱ्याच होत्या, पण त्या पाहुण्यांच्या होत्या. मी सरांना सोडायला रस्त्याच्या तोंडापर्यंत गेलो. दिवे आपोआप लागले आणि लोकांनी आनंदाने आवाज केला. मुले डांबरावर धावत सुटली. बाया चौघी-पाचजणी बरोबरीने, रस्ताभर पसरून चालू लागल्या, कंत्राटदाराच्या दोन शालींवर हसत.

"रांग करा न बाप्पा," सर म्हणाले.

शेवंताबाई वळल्या. "सर, सरकारनं एवढा मोठा रस्ता देल्ला. आता बी मुंग्यावानी काऊन चालाचं?"

सगळे हसले. सरही हसले. रस्त्याचे उद्घाटन झाले होते, त्यामुळे त्यांनी बनवलेला नियमही आता उरला नव्हता. ते म्हणाले, "बरं. मंग मी मांगं राह्यतो."

ते निघाले, दोन पावले जाऊन थांबले आणि माझ्याकडे न पाहता डावीकडच्या गवताकडे पाहत राहिले. तिथे चितळे उभी होती. मला ती छान दिसली.

"खाऊन नाई राह्यले," सर हलकेच म्हणाले. "पाह्यलं का?"

मी पाहिले. माना वर, कान एकाच दिशेला, आणि कुणी चरत नव्हते. मी काही बोलायच्या आत सर भराभर पावले टाकत लोकांना गाठायला गेले. दिव्याखालून दिव्याखाली जाताना त्यांची पाठ दिसत होती, मधल्या अंधारात नाहीशी होत होती, पुन्हा दिसत होती. ती दिसत असतानाच मी परत वळलो.

पुढचे मला शेवंताबाईंनी सांगितले. वाटेत कुणी घाबरले नाही. कसलाही आवाज झाला नाही. गप्पा चालू होत्या. आणि कुणी हाक दिली नाही. हाक रांगेत देतात, आणि रांग नव्हती. त्या मोठ्या उजेडाच्या रस्त्यावर "मांगं कोन?" असे ओरडायची शेवंताबाईंना लाज वाटली असावी. चिचटोल्यात पोचल्यावर सरांच्या पत्नी सुमनबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी येणाऱ्या घोळक्यावरून नजर फिरवली आणि विचारले, "सर कुठी आहे?"

सगळ्यांनी मागे पाहिले. रस्ता सरळ होता, त्यामुळे फार लांबपर्यंत दिसत होता. दिव्यामागे दिवा. खाली कुणी नव्हते.

पिशवी रस्त्यावर मिळाली, एका दिव्याच्या बरोबर खाली, उभी, जणू कुणी क्षणभर टेकवून ठेवावी तशी. सर उजाडल्यावर नाल्याजवळ मिळाले. जेसीबीने ढीग जिथे ढकलला होता, तिथून थोडेसे आत झाडीत. पुढे महिनाभराने वनखात्याने एक वाघ धरून नेला. तो तोच होता का, हे त्याने सांगितले नाही.

शोकसभेला तरुण साहेब आले. त्यांना खरोखरच वाईट वाटले होते. पण माणसाला वाईट वाटले तरी भाषण करायची सवय सुटत नाही. ते म्हणाले, सरांनी आपल्याला संधिप्रकाश हा शब्द दिला, आणि नियतीची लीला पाहा, सर त्या संधिप्रकाशातच विलीन झाले.

मागच्या रांगेत शेवंताबाई उठून उभ्या राहिल्या. त्या नेहमीच्या आवाजात बोलल्या, ओरडल्या नाहीत, पण तो आवाज जंगलात हाक द्यायला घडलेला होता.

"सायेब, इलीन नाई झाले. नेलं त्यायले."

आणि त्या बसल्या. त्यानंतर कुणाला आभार मानायचे सुचले नाही.

आता शाळा हिवाळ्यात तासभर आधी सुटते. नियम कसा वाकला ते मला माहीत नाही. एक माणूस गेला की काही नियम वाकतात, हे मात्र दिसले. रस्ता आहेच. काळा दगडही आहे. नाल्याजवळ डांबराच्या कडेला पुन्हा डहाळ्यांचा ढीग झाला आहे. रस्त्याची देखभाल करणारे अधूनमधून तो उचलतात आणि दुसऱ्या दिवशी तो परत असतो. सुमनबाई रोज सकाळी विहारातून येताना एक हिरवी डहाळी टाकून जातात. त्यांनी हात जोडलेले मी कधी पाहिले नाही. त्या फक्त पाटी लिहून जातात.

चिचटोला आता त्या रुंद रस्त्यावरून रांगेने जातो. एकाच्या मागे एक, डांबराच्या अगदी मधून, दोन्ही बाजूंना तीन-तीन माणसे मावतील एवढी जागा सोडून. मोटारसायकलवाले त्यांना बघून हसतात, हॉर्न देतात. रांग तुटत नाही. मीही आता शाळा सुटल्यावर त्यांना पलीकडे पोचवायला जातो आणि मुक्काम तिथेच करून सकाळी परततो. शेवंताबाई पुढे असतात. मागची जागा मी मागून घेतली.

गेल्या आठवड्यात शाळेत लसीकरण होते, निघायला उशीर झाला. नाल्याजवळ आलो तेव्हा दिवे लागलेले नव्हते आणि उजेडाला तो रंग आला होता. उजवीकडे चितळे चरत होती. मी डहाळी तोडायला थांबलो, टाकली, आणि वर पाहिले तेव्हा ती चरायची थांबली होती. सगळ्या माना माझ्या पाठीमागच्या बाजूला वळलेल्या होत्या.

पुढून हाक आली, "मांगं कोन?"

माझ्या तोंडून उत्तर निघायला क्षणभर वेळ लागला. तेवढ्यात सगळी रांग जागच्या जागी थांबून मागे वळली होती.